तेवीस गरुड

"गरुड आहे. नक्की गरुड. मी टीव्हीवर बघितलाय."

चोच वाकडी, रंग मातकट, एसीच्या डब्यावर बसून आमच्याकडेच बघतोय.

शेपटीला मधोमध खाच: घार. शेपटी गोल: ब्राह्मणी घार असेल, नसेल, परत विचार.

शुक्रवारी खाटकाकडून फोफसं, चार किलो.

"मोठा पोपट असेल हो, पण रंग उडालाय त्याचा."

घिरटी म्हणजे पंख न हलवता हवेत गोल फिरणं. झेप म्हणजे जागेवरून उठणं. झडप म्हणजे वरून खाली येणं. घिरटी गेली तर खांदा बघा. झेप गेली तर पाय. झडप चुकायला लागली तर डोळा.

"साहेब, तो मेलाय की रागावलाय तेच कळत नाही."

जिन्यात कुणीतरी तिळगुळाचा डबा ठेवून गेलंय.

गरुड, ससाणा, गिधाड, घुबड, इतर.

*

हे सगळं एकाच टेबलावरचं. टेबल मुलुंड पश्चिमेला, रस्ता जिथे डोंगराच्या चढाला लागतो तिथल्या जखमी पक्ष्यांच्या केंद्रात, तळमजल्यावर. टेबलामागे प्रबुद्ध. चौदा वर्षं तो तिथे फोन घेत होता. घाटकोपरहून सकाळी आठला यायचा, डबा खिडकीत ठेवायचा, आणि पहिला फोन वाजायच्या आत जाड पुठ्ठ्याची वही उघडून पानाच्या मधोमध उभी रेघ मारायचा. डावीकडे फोन करणारा काय म्हणाला ते. उजवीकडे गाडी परत आल्यावर पिंजऱ्यातून काय निघालं ते.

डाव्या बाजूला चौदा वर्षांत गरुडच गरुड होते. मुंबईच्या माणसाला वाकडी चोच दिसली की गरुड सुचतो. उजव्या बाजूला घारी होत्या. मधे कुठे शिक्रा, गव्हाणी घुबड, पिंगळा, लाल डोळ्यांची कापशी, थंडीत खाडीवर येणारा एखादा भोवत्या. खरा गरुड उजव्या बाजूला तीनदा लिहिला गेला होता. तिन्ही पानांचे कोपरे प्रबुद्धने दुमडून ठेवले होते.

डाव्या बाजूवरून उजवी बाजू ओळखायची कला त्याने स्वतःच बसवली होती. चार प्रश्न. शेपटीला खाच आहे का. पाय पिसांनी झाकलेत की उघडे. डोळा काळा, पिवळा की लाल. हे तीन पक्ष्याचं नाव कळायला. चौथा प्रश्न तो आवाज खाली आणून विचारायचा: लटकलाय की बसलाय?

कारण बसलेला पक्षी थांबू शकतो. मांजात अडकून लटकलेला पक्षी फडफडतो आणि दर फडफडीला मांजा आणखी आत जातो. आधी कातडं, मग स्नायू, मग पंखाच्या पुढच्या कडेला ताणून धरणारी ती पांढरी दोरी. ती दोरी तुटली की घार जिवंत राहते, पण घार राहत नाही. म्हणून लटकलेला आधी, रक्त वाहतंय तो नंतर, नुसता बसलेला शेवटी. मग तो गरुड असो नाहीतर चिमणी. केंद्राकडे गाड्या दोन, आणि संक्रांतीला फोन शंभर. हा चौथा प्रश्न होता म्हणून ते गणित चौदा वर्षं जेमतेम जुळत होतं.

*

यंदा जानेवारीच्या सुरुवातीला टेबलावरची वही उचलून तिथे टॅब ठेवला गेला.

श्यामसुंदर केंद्राचे नवे व्यवस्थापक. आधी कुठल्याशा मॉलमध्ये होते. माणूस गोड बोलायचा, चपला दाराबाहेर काढून यायचा आणि सगळ्यांना जी लावायचा. त्यांनी टॅब सुरू करून दाखवला. फोन आला की पक्षी निवडायचा, पत्ता टाकायचा, बटण दाबायचं. पुढचं सगळं आपोआप. पहिल्या चारांपैकी काही निवडलं तर गाडीला निरोप जातो. 'इतर' निवडलं तर फोन करणाऱ्याला संदेश जातो: कृपया पक्ष्याला हवेशीर खोक्यात ठेवून केंद्रावर आणावे.

"घार कुठे आहे?" प्रबुद्धने विचारलं.

"इतरमध्ये."

"सर, दहातले आठ फोन घारीचे असतात."

"तेच ना, प्रबुद्धजी. घार कॉमन आहे. कावळ्यासारखी. प्रत्येक घारीमागे गाडी पाठवली तर गरुडाला काय पाठवणार, रिक्षा?" श्यामसुंदर हसले. खोलीत आणखी दोघं होती, तीही हसली.

"नारळावर लटकलेली घार खोक्यात कोण घालणार? सातव्या मजल्यावरची बाई?"

"एक्सेप्शन्स असतात. आणि इतर म्हणजे काही वाईट नाही हो. इतरमध्ये सगळेच येतात."

प्रबुद्धला रकान्यांचा अनुभव होता. शाळेच्या दाखल्यावर, भाड्याची खोली बघायला गेल्यावर, लग्नाच्या हॉलच्या बुकिंगला, समोरचा माणूस आडनाव ऐकून क्षणभर थांबतो आणि मनातल्या मनात कुठल्यातरी खणात कागद टाकतो, हे तो बावन्न वर्षं बघत आला होता. त्या खणाला गाडी जात नाही. हे त्याला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. त्याच्या कानशिलांत काहीतरी ठणठणायला लागलं, आणि ते पुढचे बारा दिवस थांबलं नाही.

"यादी बदला," तो म्हणाला.

"आता सिस्टीम लॉक आहे. संक्रांत होऊ दे, बघू."

*

चौदा जानेवारी. सकाळी नऊ वाजून दहा मिनिटं. भांडुपहून पहिला फोन. शेपटीला खाच, पाय उघडे. घार.

प्रबुद्धचं बोट 'इतर'वर गेलं, थांबलं, आणि चार ओळी वर चढलं.

गरुड.

दाबलं. खाली अंगणात राजेशची गाडी सुरू झाल्याचा आवाज आला.

त्याला बारा दिवसांत पहिल्यांदा बरं वाटलं. दुसरा फोन आला, गरुड. तिसरा, गरुड. चौथ्या बाईने 'काहीतरी मोठं आहे' म्हटलं, गरुड. बोरिवलीच्या एका माणसाने नुसतं 'अंगावर ठिपके आहेत, लाल डोळे आहेत' एवढंच सांगितलं, तोही गरुड. प्रत्येक वेळी बटण दाबताना तो तोंडातल्या तोंडात श्यामसुंदरांना काही म्हणत होता. घे तुझा गरुड. घे अजून एक.

राजेशचा फोन आला. राजेश देवगडचा, बापाची गिरणी बंद पडल्यापासून झाडं चढण्यात वाकबगार, आधी नारळ पाडायचा, आता घारी उतरवायचा.

"काय रे, गरुड खंय हा? माका तर घार दिसता."

"गरुडच आहे. तू उतरव."

मग राजेश हसला. "समाजला. आज सगळे गरुडच काय?"

"सगळे."

"मेल्या, वाट लावशील."

"लागली तर लागू दे."

आता राग काय करतो ते सांगायला हवं. राग माणसाला वेगवान करतो. प्रबुद्धचा एक फोन एरवी तीन मिनिटं चालायचा. त्या दिवशी वीस सेकंदांत संपत होता. सगळेच गरुड म्हटल्यावर शेपटी कशाला विचारायची. डोळा कशाला. आणि पहिले तीन प्रश्न गळले तेव्हा त्यांच्यामागे रांगेत उभा असलेला चौथाही गळला. कधी, ते त्याला कळलं नाही. टॅबवर त्याच्यासाठी रकानाच नव्हता.

सव्वाअकराला एक म्हातारा आवाज.

"बाबा, मी द्रौपदी बोलते, विक्रोळीवरून. कन्नमवार नगराच्या मागे आमची चाळ. आमच्या नारळावर घार आहे."

त्या दिवसभरात पक्ष्याचं नाव बरोबर सांगणारी ती एकटीच.

"बरं. गाडी येते," प्रबुद्ध म्हणाला, पत्ता घेतला, आणि गरुड दाबलं.

*

पक्षी एकाच जातीचे असले तर आधी आलेला फोन आधी, असा टॅबचा नियम. विक्रोळीच्या वर रांगेत अकरा गरुड होते.

राजेशची गाडी भांडुपहून घाटकोपरला गेली. तिथे औषधाच्या दुकानाच्या एसीवर एक घार बसली होती, उन्हाने दमलेली. राजेशने टॉवेल टाकून तिला खोक्यात ठेवलं. दुकानदारालाही जमलं असतं. मग गाडी परत मुलुंडला, मग परत चेंबूरच्या बाजूला. पूर्व द्रुतगती मार्गावरून ती गाडी त्या दिवशी विक्रोळीवरून चारदा गेली.

दुसरी गाडी बोरिवलीच्या गरुडासाठी पश्चिमेला निघाली आणि दीड तास गर्दीत अडकली. गरुड म्हणजे कोकिळा निघाली. अंगावर ठिपके, लाल डोळे. चोच वाकडी आहे का, एवढं विचारलं असतं तरी कळलं असतं.

साडेबाराला द्रौपदीबाई परत. "बाबा, अजून नाही आली गाडी."

"येतेय, आजी."

"पोरं दगड मारतायत, मी हाकलते त्यांना. पण लवकर ये म्हणावं."

"येतेय म्हटलं ना."

दोनला परत. या वेळी ती काही बोललीच नाही, नुसती श्वास घेत राहिली. मागे नारळाच्या झावळ्यांवर काहीतरी आपटल्यासारखा आवाज. प्रबुद्धने तो ऐकला. ऐकला, आणि त्याच क्षणी दुसरी लाइन वाजली म्हणून फोन ठेवला. गरुड.

*

दुखण्याचे शब्द. प्रबुद्धच्या वहीतून, जुन्या पानावरून:

लोंबकळ: मांजात उलटा टांगलेला पक्षी.
फडफड: जिवंत असल्याची खूण. वाईट खूण.
फिस: घारीची ती बारीक लांब शीळ. दुखताना काढत नाही. दुखताना घार गप्प असते.

*

चार वाजता राजेश खोलीत आला. एरवी तो दारातूनच ओरडायचा, पिंजरा नंबर सांगायचा आणि चहाला जायचा. आज आत आला. हातात टॉवेल गुंडाळलेलं गाठोडं, त्यातून एक पिवळा पाय बाहेर, नख्या राजेशच्या मनगटात घट्ट रुतलेल्या. रक्त राजेशचं होतं. काही तिचंही.

"विचारलंस तिका?"

"कुणाला?"

"त्या म्हातारीक. लटकली की बसली, विचारलंस?"

प्रबुद्धने टॅब बाजूला सारला.

"चार तास लटकलेली ती. म्हातारी खाली खुर्ची टाकून बसलेली. घार तिच्यावर हगत होती, तरी उठली नाय. मी वर गेल्यावर म्हणता कशी, त्या फोनवरच्या बाबाला माझा नमस्कार सांग, खूप कामात आहे बिचारा." राजेशने गाठोडं छातीशी धरलं. "चौदा वर्सां माका तू शिकवलंस रे. लटकलेला आधी. शिव्या घातल्यास माका एकदा कबुतरासाठी. आणि आज काय झाला तुका?"

"यादीत घार नाही, राजेश."

"यादी गेली खड्ड्यात. तोंड तुझा होता ना?"

आतल्या खोलीत डॉक्टर रश्मीने पंख पसरून दिव्याखाली धरला. जास्त वेळ लागला नाही. पुढच्या कडेची दोरी तुटलेली, टोकं एकमेकांपासून लांब आखडून बसलेली.

"तासाभरात आणली असती तर शिवता आली असती," ती म्हणाली. प्रबुद्धकडे न बघता म्हणाली, आणि ते जास्त वाईट होतं.

टेबलावरून उचललेली वही प्रबुद्धने खणात चालूच ठेवली होती; त्या दिवशी तिच्यात उजव्या बाजूला काय लिहायचं ते त्याला ठाऊक होतं. डाव्या बाजूला काय लिहायचं ते नव्हतं. म्हातारीने घार म्हटलं होतं. चूक डावीकडे नव्हती, उजवीकडे नव्हती. मधल्या रेघेवर बसली होती, प्रबुद्धच्याच खुर्चीत, फोन हातात धरून.

*

आणि मग बातमी आली.

दोन दिवसांत तेवीस गरुड वाचवले. मुंबईच्या उपनगरांत गरुडांची विक्रमी सुटका. श्यामसुंदरांनी टॅबवरचा आकडा काढला, तीन ओळींचं पत्रक केलं आणि सगळीकडे पाठवलं. कुणालाही विचित्र वाटलं नाही. गरुड वाचले म्हटल्यावर कोण विचारतंय की एवढे गरुड या शहरात राहतात कुठे. एका वर्तमानपत्राने बर्फातल्या डोंगरावरून उडणाऱ्या पांढऱ्या डोक्याच्या गरुडाचा फोटो छापला. तो पक्षी या खंडात येतच नाही.

वीस तारखेला मुलुंडच्या एका हॉलमध्ये छोटा कार्यक्रम ठरला. आश्रयदाते येणार, फलक लागणार. प्रबुद्धला शाल.

"सर, त्या घारी होत्या," प्रबुद्धने आदल्या दिवशी सांगितलं.

श्यामसुंदरांनी दार लोटलं. आवाज तसाच गोड. "मला माहीत आहे."

"माहीत आहे?"

"मी गाढव नाही, प्रबुद्धजी. डॉक्टरांचे पेपर मीही वाचतो. पण बघा ना, तुमच्या आयडियाने सगळं सुटलं. तुम्ही गरुड लिहा, गाडी जाईल, घार वाचेल. डोनरला गरुड मिळेल. कुणाचं काय वाईट झालं?"

"विक्रोळीच्या घारीचं झालं."

"एक तर जाणारच. तेवीसात एक."

"आणि यादीत घार?"

"यादीत घार घातली तर गाडी नाही. गरुड ठेवलात तर गाडी आहे. निवडा."

प्रबुद्धला वाटलं, हा माणूस आपल्याला आपलाच राग परत विकतोय, धुऊन, घडी घालून, वर शालही देतोय.

*

हॉलमध्ये साठेक माणसं. फलकावर सोनेरी अक्षरांत आकडा आणि पसरलेले पंख. श्यामसुंदर बोलले, आश्रयदाते बोलले, टाळ्या झाल्या. मग प्रबुद्धच्या खांद्यावर शाल आली आणि हातात माइक.

"दोनच शब्द, प्रबुद्धजी."

त्याने बगलेतली वही काढली.

"भांडुप," तो म्हणाला. "घार. घाटकोपर, औषधाच्या दुकानावर. घार. चेंबूर, घार. मुलुंड, कॉलनीतल्या वडावर, शिक्रा. बोरिवली, कोकिळा."

कुणीतरी हसलं. त्याला वाटलं गंमत चाललीय. प्रबुद्ध थांबला नाही. आवाज चढवलाही नाही. ज्या आवाजात तो चौदा वर्षं शेपटीला खाच आहे का विचारायचा त्याच आवाजात तो एकेक पत्ता वाचत गेला. अंधेरी, घार. पवई, घार. कांजूर, गव्हाणी घुबड. दहाव्या पत्त्यानंतर हसणं बंद झालं. पंधराव्या पत्त्याला श्यामसुंदर खुर्चीतून उठले, माइकपर्यंत आले, आणि प्रबुद्धने न बघता डावा हात आडवा धरला. तो हात खाली आला नाही.

"विक्रोळी," तो म्हणाला. "घार. नारळाला लटकलेली. फोन करणाऱ्या आजींनी घार म्हणूनच सांगितलं. मी गरुड लिहिलं. लटकलीय का ते विचारलं नाही. चार तास. पंख गेला. तो मी घालवला."

पुढच्या रांगेतले एक आश्रयदाते शेजारच्याला म्हणाले, "पण घार म्हणजे ईगलच ना? लहान साइजचा?"

"नाही," प्रबुद्ध माइकवरच म्हणाला. "घार म्हणजे घार. तुमच्या डोक्यावर रोज फिरते ती. तुमच्या गच्चीवर घरटं करते, तुमच्या कचऱ्यातले उंदीर उचलते. गरुड म्हटल्याशिवाय तुम्ही तिला शिडी लावणार नसाल तर ही शाल घ्या परत. आणि यादीत तिचं नाव घाला. तिचं. वरती. आणि नावाच्याही वर एक प्रश्न घाला, लटकलाय की बसलाय. तो आधी विचारा. जात नंतर विचारा."

शेवटचं वाक्य पक्ष्यांबद्दल होतं. हॉलमधल्या काही माणसांनी मान खाली घातली, काहींनी मोबाइल काढले. मागच्या रांगेत राजेशने शिट्टी वाजवली, एकच.

*

यादीत आता घार आहे. सहाव्या क्रमांकावर, 'इतर'च्या खाली. तिला गाडी जाते, पहिल्या चारांची रांग संपल्यावर. लटकलाय की बसलाय हा प्रश्नही आलाय, पत्त्यानंतर.

फोन मात्र प्रबुद्धकडे नाही. तो अंधेरीच्या एका ऑफिसातून घेतला जातो. तिथली मुलगी नम्र आहे आणि तिला खाच म्हणजे काय ते माहीत नाही. प्रबुद्धला पिंजऱ्यांवर टाकलं. सकाळी फोफसं कापायची, पाणी बदलायचं, विष्ठा धुवायची. काढून टाकायला श्यामसुंदर कचरले. वर्तमानपत्रवाले हॉलमध्ये होते.

चार नंबरच्या पिंजऱ्यात विक्रोळीची घार आहे. ती उडणार नाही. डॉक्टर रश्मी म्हणते खाते चांगली, जगेल वीस वर्षं. प्रबुद्ध मांसाचा तुकडा घेऊन आत जातो तेव्हा ती आडव्या बांबूवर बसलेली असते, एक पंख अंगाला चिकटलेला, दुसरा लोंबणारा. ती त्याच्याकडे बघते. मग बांबूवरून खाली पडते, पडतापडता नख्या पुढे करते आणि तुकडा सोडून त्याच्या हातमोज्यावर येते. रोज. चामडं तीन ठिकाणी फाटलंय. राजेश म्हणाला चिमट्याने दे, माणसासारखा वाग. प्रबुद्ध चिमटा वापरत नाही.

द्रौपदीबाईंना तो अजून भेटायला गेलेला नाही. दोनदा विक्रोळीला उतरला. चाळीच्या तोंडापर्यंत गेला. नारळ दिसला, वर मांजाचा गुलाबी तुकडा अजून फडफडत होता. तिथून तो परत फिरला, आणि घरी येईपर्यंत त्याला स्वतःचा, श्यामसुंदरांचा, त्या बिचाऱ्या म्हातारीच्या नमस्काराचाही राग येत राहिला.

यादी ठरवायची बैठक सहा डिसेंबरला घेतली गेली होती. त्या दिवशी प्रबुद्ध दरवर्षी रजा घेऊन दादरला असतो.